चौकटीबाहेरचा आवाज

नागराज मंजुळे यांच्या 'फँड्री'मध्ये (२०१३) एक प्रसंग आहे. जब्या या शाळकरी मुलाच्या घरातली सगळी माणसं गावातल्या डुकरामागे धावताहेत. लोक उभे राहून बघताहेत, हसताहेत. मोठ्या कष्टानं डुकराला घेरत आणलेलं असतं आणि नेमकं त्याच वेळी शाळेकडून राष्ट्रगीत ऐकू येतं. जब्या आहे तिथे ताठ उभा राहतो. त्याच्यामागून घरचेही थांबतात. डुक्कर थांबत नाही. ते सगळ्यांच्या देखत निघून जातं.

या प्रसंगाचा सगळा भार एका आवाजावर आहे. देश, शाळा, शिस्त, जात, भूक यांबद्दल कुणीही काही बोलत नाही. करुण रसाची सूचना देणारी व्हायोलिनंही तिथे आणावी लागत नाहीत. आवाज एका बाजूनं येतो, घटना दुसऱ्या बाजूला घडत असते, आणि दोन्ही एकमेकांवर आदळतात तेव्हा प्रेक्षकाच्या पोटात गोळा येतो. 'फँड्री'ला पार्श्वसंगीत आहे, अलोकनंदा दासगुप्ता यांनी केलेलं, आणि ते फार संयत आहे. तरी चित्रपटाचं संगीत म्हटलं की मला आधी हे राष्ट्रगीत आठवतं. ते नेमक्या कोणत्या क्षणी सुरू व्हावं हे ज्यानं ठरवलं, त्यानं संगीतकाराचंच काम केलं.

या प्रकरणात आपण ज्या चित्रपटांबद्दल बोलणार आहोत, त्यांच्यामागे मोठ्या निर्मितीसंस्थेचा पैसा नसतो. कुणाची साठवलेली पुंजी, कुणाच्या बायकोचे दागिने, एखादं अनुदान, मित्रांचा वेळ अशा भांडवलावर ते उभे राहतात. अशा चित्रपटाला हजार माणसांची जत्रा पडद्यावर आणणं परवडत नाही. पण घराच्या भिंतीपलीकडे जत्रा भरली आहे हे ऐकवायला एक चांगला मायक्रोफोन, खऱ्या जत्रेत घालवलेली एक रात्र आणि कान असलेला माणूस पुरतो. कॅमेऱ्याची चौकट जेवढी दाखवते तेवढंच दिसतं. आवाजाला चौकट नसते. म्हणून ज्याच्याकडे दाखवायला थोडं आहे, त्यानं ऐकवण्याकडे सगळ्यात आधी बघायला हवं. प्रत्यक्षात बहुतेक वेळा उलटं घडतं. पैसे कॅमेऱ्यावर आणि भिंगांवर संपतात, आणि ध्वनी व संगीत यांच्या वाट्याला उरलेसुरले दिवस येतात.

ऐकवण्याकडे आधी बघण्याचा हा विचार आपल्याकडे नवा नाही. मराठी बोलपट सुरू झाला १९३२मध्ये, प्रभातच्या 'अयोध्येचा राजा'पासून. त्यानंतर पाचच वर्षांनी, १९३७मध्ये, त्याच प्रभातनं 'कुंकू' काढला. दिग्दर्शक व्ही. शांताराम, संगीत केशवराव भोळे यांचं, आणि कथा ना. ह. आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरची. म्हाताऱ्या विधुराशी फसवून लग्न लावून दिलेली नीरा त्या लग्नाला नवरा-बायकोचं नातं मानायला नकार देते, अशी ती गोष्ट. या चित्रपटात पार्श्वसंगीत वापरलेलं नाही. जे ऐकू येतं ते त्या घरातलं, त्या गल्लीतलं. भिंतीवरच्या जुन्या घड्याळाला तर जवळजवळ पात्राचाच मान आहे. विचार करा, पडदा बोलायला लागून पाच वर्षं झाली होती. प्रेक्षक गाण्यांसाठी रांगा लावत होते, आणि प्रभातकडे उत्तम वादक होते. वाद्यवृंद हाताशी असताना तो न वापरणं हा निर्णय होता, नाइलाज नव्हता. प्रभात ही मोठी संस्था, तिच्या चित्रपटाला स्वतंत्र चित्रपट म्हणता येणार नाही. पण कथेतल्या आवाजातूनच भावना उभी करायची ही वाट मराठीत तिथून दिसते. पुढे १९६०मध्ये प्रभातच्याच आवारात फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. तिथे भास्कर चंदावरकरांनी कित्येक वर्षं संगीत शिकवलं, आणि आज देशभरातल्या छोट्या चित्रपटांचा आवाज सांभाळणारे अनेक जण त्याच आवारातून बाहेर पडलेले आहेत. चंदावरकरांनी स्वतः 'श्वास'ला (२००४) संगीत दिलं, तेही असंच मोजकं.

पैसा नसला की काय करावं लागतं याचं सगळ्यात मोठं उदाहरण मात्र बंगालमधलं. सत्यजित राय यांचा 'पथेर पांचाली' (१९५५) वर्षानुवर्षं पैशाअभावी थांबत थांबत पुरा झाला. संगीतासाठी त्यांना रविशंकर हवे होते, आणि रविशंकरांकडे वेळ नव्हता. चित्रपटाचा जेमतेम अर्धा भाग, तोही कच्च्या संकलनातला, त्यांनी पाहिला आणि एका रात्रीच्या बैठकीत, सुमारे अकरा तासांत, सगळं संगीत ध्वनिमुद्रित झालं. काही तुकडे कमी पडले. मिठाईवाल्यामागे मुलं आणि कुत्रं चालत जातात त्या प्रसंगाची सतार छायालेखक सुब्रत मित्र यांनीच वाजवली.

त्या रात्रीतून जे निघालं त्यातला एक तुकडा जगभर शिकवला जातो. हरिहर बऱ्याच महिन्यांनी घरी येतो. मुलगी दुर्गा गेली आहे हे त्याला माहीत नाही. तो तिच्यासाठी आणलेली साडी काढून बायकोच्या, सर्वजयेच्या, हातात देतो. सर्वजया फुटते. तिचं तोंड उघडलेलं दिसतं, पण तिचा आवाज आपल्याला ऐकू येत नाही. त्या जागी तारशहनाईवर पटदीपातले वरचे स्वर आक्रोश करतात. तारशहनाई म्हणजे इसराजाला कर्णा जोडून केलेलं वाद्य. त्याचा आवाज माणसाच्या गळ्याच्या फार जवळ जातो. रडण्याच्या खाली संगीत घालणं कुणालाही सुचतं. रडणंच काढून टाकून त्या जागी संगीत ठेवायचं, हा निर्णय संगीताचा आहे की ध्वनिसंकल्पनेचा? माझ्या मते या दोन गोष्टी तिथे वेगळ्या उरतच नाहीत. छोट्या चित्रपटात त्या वेगळ्या राहूही नयेत.

प्रत्यक्षात त्या वेगळ्या पडतात, कारण कामाचा क्रम तसा असतो. चित्रीकरणाच्या जागी साउंड रेकॉर्डिस्ट असतो. संकलनानंतर ध्वनिसंकल्पक येतो, संवाद साफ करतो, वातावरणाचे आवाज भरतो. पावलं, कपडे, भांडी यांचे आवाज फोलीच्या खोलीत पुन्हा केले जातात. संगीतकार आपल्या घरी वेगळाच काम करत असतो. सगळे पहिल्यांदा एकमेकांना भेटतात ते मिक्सिंगच्या दिवशी, आणि तिथे कळतं की ज्या जागी ध्वनिसंकल्पकानं सुंदर पाऊस भरला आहे, त्याच जागी संगीतकारानं झांजांचा झिणझिणाट घातला आहे. दोन्ही उंच पट्टीतले, दोन्ही पसरट. एकाला गप्प बसावं लागतं. पैसे मोजके असताना हे नुकसान फार लागतं.

म्हणून सुरुवात जागेपासून करू.

चांगला संवाद मिळवण्याचं रहस्य महागड्या यंत्रात नसून अंतरात आहे. मोकळ्या जागेत बोलणाऱ्यापासून मायक्रोफोनचं अंतर दुप्पट केलं की थेट येणारा आवाज सुमारे ६ डेसिबलनं खाली जातो. खोलीचा घुमारा आणि रस्त्यावरची गाडी मात्र तेवढीच राहते. म्हणजे बूम (लांब काठीवरचा मायक्रोफोन) धरणारा मुलगा हातभर मागे सरकला तरी आपल्याला माणूस कमी आणि खोली जास्त ऐकू येऊ लागते. नंतर संगणकावर गोंगाट पुसता येतो, पण त्याबरोबर शब्दांतले 'स', 'श', 'ख' यांच्या कडाही पुसल्या जातात. प्रेक्षक धूसर चित्र चालवून घेतो. काय म्हणाला ते कळलं नाही, तर तो गोष्टीबाहेर फेकला जातो.

आपल्याकडे कित्येक वर्षं हा प्रश्न टाळला गेला. कॅमेरे खूप आवाज करत. त्यामुळे जागेवर घेतलेला आवाज फक्त खुणेपुरता, म्हणजे पायलट, आणि खरे संवाद नंतर स्टुडिओत डब करायचे, ही रीत पडली. 'लगान'नं (२००१) भल्यामोठ्या प्रमाणावर जागेवरच संवाद ध्वनिमुद्रित करून दाखवले आणि धंद्याचा आत्मविश्वास वाढला. छोट्या चित्रपटांना तर दुसरा पर्यायच परवडणारा नाही, कारण त्यांतले अनेक कलाकार नट नसतात. जो माणूस गोठ्यात शेण काढताना सहज बोलतो, तोच डबिंगच्या काचेच्या खोलीत कानाला हेडफोन लावून उभा केला की पाठ केल्यासारखा बोलतो. ज्याच्या बोलीसाठी त्याला निवडलं, ती बोलीच हरवते.

याच्या अगदी उलट टोकाचं उदाहरणही सांगायला हवं. रॉबर्ट रॉड्रिगेझ यांनी 'एल मारियाची' (१९९२) सुमारे सात हजार डॉलरमध्ये चित्रित केला. कॅमेरा असा की त्याच्याबरोबर आवाज घेता येत नव्हता. मग ते प्रत्येक शॉट झाला की लगेच, त्याच जागी, नटांकडून तेच संवाद साध्या टेपवर बोलून घेत आणि नंतर हातानं जुळवत. नट नुकताच त्या क्षणातून बाहेर आलेला असल्यामुळे लय जवळपास तीच राही. जिथे जुळत नसे तिथे ते दुसऱ्या शॉटवर जात. चित्रपटाचं भराभर कापलेलं संकलन अंशतः या गरजेतून आलं.

आता फ्रिजची गोष्ट. एका लघुपटाचं संगीत मी करत होतो. चित्रीकरण एका जुन्या वाड्यात झालेलं. स्वयंपाकघरात आई आणि मुलगी बोलत बसतात एवढाच प्रसंग. मी त्याखाली तानपुरा धरला, काळी चारमध्ये. ऐकताना कुठेतरी सतत खटकत होतं. तानपुरा लागलेला होता, संवाद स्वच्छ वाटत होते, तरी दात आंबल्यासारखं होई. दोन दिवसांनी कारण सापडलं. फ्रिज चालू राहिला होता. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे मोटारी आणि ट्रान्सफॉर्मर यांची गुणगुण ५०, १००, २०० अशा कंपनसंख्यांवर येते. १०० हर्ट्झ म्हणजे मंद्रातल्या पांढरी पाचच्या किंचित वर. माझ्या षड्जाला लागूनच दुसरा एक षड्ज त्या खोलीत अखंड वाजत होता. फ्रिज काढता येईना, म्हणून मी तानपुरा त्याच्याशी जुळवला, पांढरी पाच आणि वर थोडी चढी. खटक नाहीशी झाली. शिवाय एक गोष्ट अशी घडली जी मी ठरवली नव्हती. तानपुरा कधी सुरू झाला हे कुणालाच कळेना. तो त्या घराचाच आवाज वाटू लागला.

तेव्हापासून मी कुठल्याही चित्रपटाचं काम घेतलं की आधी जागेवरचे नुसते आवाज मागवतो. पंखा कोणत्या सुरात फिरतो, पाण्याची मोटर कुठे लागते, मंदिरातली घंटा कोणत्या स्वराची आहे. एका अनुभवी रेकॉर्डिस्टनं मला त्यांच्या धंद्यातली जुनी युक्ती सांगितली : चित्रीकरणासाठी फ्रिज बंद केला की गाडीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवायची. म्हणजे फ्रिज परत सुरू केल्याशिवाय कुणी घरी जाऊ शकत नाही, आणि घरमालकाचं दूध नासत नाही.

वातावरणाचे आवाज, ज्यांना या क्षेत्रात ॲम्बियन्स म्हणतात, हा छोट्या चित्रपटाचा खरा खजिना आहे आणि तिथेच सगळ्यात जास्त आळस होतो. तयार आवाजांचे संग्रह विकत मिळतात, फुकटही मिळतात. त्यांतले बरेच युरोप-अमेरिकेत ध्वनिमुद्रित झालेले. मग कोकणातल्या सकाळी परक्या देशातला पक्षी गाऊ लागतो. शहरातल्या प्रेक्षकाच्या लक्षात येणार नाही, असं सांगितलं जातं. ते खरं नाही. नाव सांगता येत नसलं तरी कानाला परकेपणा कळतो. आणि आपण काय गमावतो ते बघा. तांबट पक्ष्याची ठोक्यांसारखी 'टुक्‌ टुक्‌' ऐकू आली की मे महिन्याची दुपार डोळ्यांपुढे येते. पावशा ओरडू लागला की शेतकऱ्याचं घर पेरणीच्या चिंतेत आहे, हे पात्राला बोलावं लागत नाही. टिटवी म्हणजे रात्र, उघडा माळ आणि मनात शंका. विजेवरच्या पिठाच्या गिरणीची 'पुक्‌ पुक्‌' म्हणजे गावात वीज आहे. लोड शेडिंगच्या काळातलं कथानक असेल, तर गिरणी अर्ध्यात बंद पडली एवढंच ऐकवावं. घरातली बाई डबा उचलून परत निघाली की सगळं समजतं. ऋतू, वेळ, जात-वस्तीचं अंतर, श्रीमंती, हे सगळं आवाजांतून सांगता येतं, आणि त्यासाठी दृश्यांवर पैसा खर्च करावा लागत नाही. खर्च होतो तो वेळ. चित्रीकरण संपल्यावर रेकॉर्डिस्टला त्याच गावात आणखी दोन दिवस राहू द्यावं लागतं. मी निर्मात्यांना नेहमी सांगतो, ड्रोनचा एक शॉट कमी करा आणि हे दोन दिवस द्या.

फोलीचं नाव हॉलिवुडमधल्या जॅक फोली यांच्यावरून पडलं. चित्र पडद्यावर चालू ठेवून त्याच्या बरोबरीनं पावलं, कपड्यांची सळसळ, कपबशी असे आवाज पुन्हा करायचे, ही त्यांची पद्धत. मुंबईत ही कला हातात असलेले लोक आहेत, आणि त्यांच्या खोलीत माती, वाळू, फरशी, लाकडी फळी यांचे चौकोन केलेले असतात. नव्या दिग्दर्शकाला वाटतं की पावलं म्हणजे पावलं. पण नवी कोल्हापुरी वहाण करकरते, झिजलेली रबरी चप्पल टाचेवर फटफटते, आणि अनवाणी पाय शेणानं सारवलेल्या जमिनीवर जवळपास वाजतच नाहीत. पाटलाची वहाण ऐकू येते आणि गड्याचे पाय ऐकू येत नाहीत, एवढ्यानंही प्रसंगाचा तोल ठरतो.

संगीत कुठे हवं आणि कुठे नको हे ठरवण्याच्या बैठकीला स्पॉटिंग म्हणतात. दिग्दर्शक, संगीतकार आणि ध्वनिसंकल्पक असे तिघं संकलित चित्रपट एकदा सलग, मग थांबत थांबत बघतात. या बैठकीत एक घातक गोष्ट आधीच येऊन बसलेली असते. तिला टेम्प म्हणतात. संकलन करताना लय मिळावी म्हणून संकलकानं दुसऱ्या कुठल्यातरी चित्रपटाचं संगीत तात्पुरतं लावलेलं असतं. दिग्दर्शकानं ते शंभर वेळा ऐकलेलं असतं, आणि माणूस ज्याच्यासोबत शंभर वेळा बसला त्याच्या प्रेमात पडतो. मग नव्या संगीतकाराला सांगितलं जातं, 'असंच काहीतरी, पण वेगळं.' परदेशी भव्य वाद्यवृंदाची नक्कल संगणकातल्या नमुन्यांवर करायची आणि चित्रपटाची गरिबी नेमकी त्या जागी उघडी पाडायची, असा त्याचा शेवट होतो. मी पहिल्यांदा चित्रपट कोरडाच बघायला मागतो. संगीताशिवाय जे प्रसंग उभे राहतात, त्यांना हात लावायचा नाही.

थोडक्या साधनांत काय होतं याची उदाहरणं जगभर आहेत. फ्रान्सचे लुई माल पंचवीस वर्षांचे असताना त्यांनी आपल्या पहिल्या कथापटासाठी, 'फाशीच्या तख्ताकडे जाणारी लिफ्ट' असा ज्याच्या नावाचा अर्थ होतो त्यासाठी, माइल्स डेव्हिस यांना बोलावलं. ४ डिसेंबर १९५७च्या रात्री पॅरिसच्या स्टुडिओत निवडक प्रसंग पडद्यावर पुन्हा पुन्हा चालवले गेले आणि डेव्हिस व त्यांचे चार साथीदार ते बघत वाजवत राहिले. लिहून आणलेलं जवळपास काही नव्हतं. ज्यांनी ख्यालाची मैफल ऐकली आहे, त्यांना या पद्धतीचं नवल वाटणार नाही. राग ठरलेला, बाकी समोरच्या क्षणावर. जॉन कार्पेंटर यांनी 'हॅलोविन'चं (१९७८) संगीत स्वतःच, सिंथेसायझरवर, तीनेक दिवसांत केलं. त्याची प्रसिद्ध धून पाच मात्रांच्या चक्रात फिरते. चार मात्रांची सवय असलेल्या कानाला दर वेळी पाऊल चुकल्यासारखं होतं, आणि भीती तिथून येते. संगीत लागण्याआधी हा चित्रपट एका स्टुडिओच्या अधिकारी बाईंना दाखवला तेव्हा त्या जराही घाबरल्या नव्हत्या, असं कार्पेंटर यांनीच सांगितलं आहे.

या दोन्ही ठिकाणी वाद्यं कमी आणि निर्णय ठाम आहेत. मला नव्या संगीतकारांना हेच सांगावंसं वाटतं की एक खरं वाद्य, खऱ्या माणसानं वाजवलेलं, पुरेसं असतं. सारंगीवादकाला दोन तासांसाठी बोलवा, त्याचं मानधन द्या, आणि गज तारेला लागण्याआधीचा त्याचा श्वासही ध्वनिमुद्रित होऊ द्या. संगणकातली साठ व्हायोलिनं एवढं करू शकत नाहीत.

वाद्य निवडताना संवादाचा विचार आधी करावा लागतो. माणसाच्या बोलण्यातली व्यंजनं, ज्यांवरून शब्द ओळखू येतो, मुख्यतः दोन ते पाच हजार हर्ट्झच्या पट्ट्यात असतात. बासरीची फुंकर, व्हायोलिनची धार, घुंगरू हे सगळं तिथेच येऊन बसतं. बोलण्याखाली ते वाजलं की मिक्सिंग करणारा संगीत खाली दाबतो, आणि संगीतकाराला वाटतं आपल्यावर अन्याय झाला. बोलण्याखाली मंद्रातला चेलो, रुद्रवीणा किंवा हार्मोनियमचा खालचा एकच सूर ठेवा. बासरीला वाक्य संपल्यानंतरची जागा द्या. आपल्या साथसंगतीत हे शहाणपण आधीपासून आहे. गवई शब्द घेतो तेव्हा सारंगीवाला मागे राहतो, आणि गवई श्वास घेतो तेव्हा ती जागा भरतो.

चैतन्य ताम्हाणे यांचे दोन मराठी चित्रपट या संदर्भात शेजारी शेजारी ठेवून बघण्यासारखे आहेत. 'कोर्ट'मध्ये (२०१४) संभाजी भगत यांची गाणी आहेत, पण ती लोकशाहीर नारायण कांबळे मंचावर गातो म्हणून आहेत. कांबळेच्या भूमिकेत वीरा साथीदार होते. गाणं संपलं की संगीत संपतं. उरतो तो न्यायालयाचा आवाज : न्यायाधीश तोंडी सांगताहेत, टंकलेखक उतरवून घेतोय, कागद सरकताहेत, मागच्या बाकांवर कुणी खोकतंय. मंचावरचा पेटलेला आवाज आणि न्यायालयातला हा सपाट आवाज यांच्यातलं अंतर म्हणजेच तो चित्रपट. तिथे एखादा करुण सूर घातला असता, तर व्यवस्थेचा थंडपणा गेला असता.

'द डिसायपल' (२०२०) तर गाण्याबद्दलच आहे. त्याचं संगीत तबलावादक अनीश प्रधान यांनी सांभाळलं. शरद नेरुळकरच्या भूमिकेत आदित्य मोडक आणि गुरुजींच्या भूमिकेत अरुण द्रविड, दोघंही शास्त्रीय गायक. इथली अडचण फार नाजूक होती. शरदनं वाईट गाऊन चालणार नव्हतं आणि फार चांगलं गाऊनही चालणार नव्हतं. मेहनत ऐकू यावी, तयारी ऐकू यावी, आणि तरीही काहीतरी हाती लागत नाही हेही ऐकू यावं, अशा गाण्याची रचना करायची होती. मुंबईच्या रात्रीच्या मोकळ्या रस्त्यांवरून शरद मोटरसायकलवर जातो ते प्रसंग आठवा. गती मंदावलेली, शहराचा गोंगाट मागे पडलेला, तानपुरा, आणि त्यावर माईंचा, म्हणजे गुरुजींच्या गुरूंचा, आवाज. माई पडद्यावर दिसत नाहीत. तो आवाज दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांचा आहे. मुंबईसारख्या शहरातून सगळे आवाज काढून घेणं ही मोठी धाडसाची गोष्ट, पण त्यामुळेच आपण शरदच्या कानात जाऊन बसतो. दोन्ही चित्रपटांच्या ध्वनीमागे अनिता कुशवाहा आहेत. अशी नावं श्रेयनामावलीत शेवटी, भराभर सरकणाऱ्या ओळींत येतात. ती थांबून वाचावीत.

मिक्सिंगबद्दल थोडंच सांगतो, कारण ते वाचून येत नाही. संवाद बहुधा पडद्यामागच्या मधल्या स्पीकरमधून, संगीत डावी-उजवीकडे आणि थोडं मागे, वातावरण चहूबाजूंनी, अशी ५.१ची ढोबळ मांडणी. मिक्सिंगचं थिएटर तासावर मिळतं आणि ते महाग असतं, म्हणून तिथे प्रयोग करू नयेत. घरी सगळं ठरवून जावं. आज अर्धे प्रेक्षक मोबाइलवर बघणार, हेही गृहीत धरावं. मोबाइलच्या चिमुकल्या स्पीकरमधून खालचे सूर येतच नाहीत, त्यामुळे थिएटरात छातीत घुमणारा मंद्र सूर तिथे पूर्ण गायब होतो. त्या सुरावर प्रसंग उभा असेल, तर त्याच्या वरच्या सप्तकातला तोच सूर अगदी हळू जोडून ठेवावा. शेवटी संवाद, संगीत आणि इतर आवाज हे तिन्ही वेगवेगळे जतन करून घ्यावेत. उद्या चित्रपट दुसऱ्या भाषेत डब करायचा झाला, तर संवाद सोडून बाकीचं सगळं लागतं. तेव्हा मिक्सिंग पुन्हा करायला पैसे नसतात, आणि परदेशातली विक्री अशा किरकोळ कारणावर अडते.

पैशाचंही स्पष्ट बोलायला हवं. छोट्या चित्रपटात संगीतकाराला बहुतेक वेळा एक ठोक रक्कम मिळते. त्यातच स्टुडिओ, वादक, मिक्सिंग, प्रवास, आणि उरलं तर त्याचं मानधन. नवा मुलगा उत्साहात सगळं वादकांवर खर्च करतो आणि तीन महिने फुकट राबतो. माझं म्हणणं असं की स्वतःचं मानधन आणि निर्मितीचा खर्च हे दोन आकडे कागदावर वेगळे लिहून घ्यावेत, ते कितीही लहान असोत. दुसरं, २०१२मध्ये भारताच्या कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. तिच्यामुळे चित्रपटगृहाबाहेर, म्हणजे दूरचित्रवाणी वगैरे ठिकाणी, संगीत वापरलं गेलं तर रॉयल्टीतला वाटा मिळण्याचा गीतकार-संगीतकारांचा हक्क राहतो आणि तो निर्मात्याला लिहून देता येत नाही. जावेद अख्तर यांनी राज्यसभेत या दुरुस्तीसाठी हिरिरीनं बाजू मांडली होती. हे माहीत नसलेले किती तरी तरुण संगीतकार मी पाहिले आहेत. करार वाचायला लाजू नका. आपल्या रचना, गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या आयपीआरएस या संस्थेकडे नोंदवा.

आणि संगीतकारानं चित्रीकरणाच्या जागी एकदा तरी जावं. गाडीभाडं स्वतःच्या खिशातून गेलं तरी जावं. शेवटच्या शॉटनंतर एक मिनिट असं येतं जे दुसऱ्या कुणाच्या लक्षात राहत नाही. दिव्यांच्या वायरी गुंडाळायला सुरुवात होणार, चहा आलेला, सगळे दमलेले, आणि रेकॉर्डिस्ट हात वर करून ओरडतो, 'रूम टोन! कुणी हलायचं नाही!' त्या खोलीचं रिकामेपण त्याला हवं असतं, संकलनात दोन संवादांमधली फट भरायला. वीस-पंचवीस माणसं आहेत तशी थिजतात. कुणाच्या हातात कप, कुणाच्या खांद्यावर तिवई. मिनिटभर कुणी बोलत नाही. आढ्यातलं लाकूड दिवसाच्या उन्हानं तापलेलं असतं, ते निवताना बारीक कडकडतं. शेजारच्या घरी कुणीतरी कपडे आपटतंय. लांब एसटीनं गिअर बदलला. मागच्या परड्यात कोंबडी माती उकरतेय. रेकॉर्डिस्ट डोळे मिटून हेडफोनवर हात दाबून उभा असतो, आणि संगीतकार तिथे असेल तर तोही.

मग तो हात खाली करतो, आणि सगळे एकदम बोलू लागतात.